कुकरच्या शिट्टीएवढी जागा

प्रिय मालिनी,

पाकीट बघून घाबरू नकोस, इथे सगळे धडधाकट आहोत. फोन केला नाही, कारण फोनवर तू मला बोलूच देत नाहीस आणि हे मला सलग सांगायचंय. नोव्हेंबरच्या शेवटच्या रविवारी तू मला इथे अमेरिकेत, मॉरिसव्हिलला हवी आहेस. तुझ्या दीपाच्या बाळंतपणाला काढलेला व्हिसा अजून चालू आहे, तेव्हा ती सबब नको. गुडघ्याचीही नको. आधी सगळं वाच, मग नाही म्हणायचं तर म्हण.

बातमी अशी की त्या रविवारी मी चर्चमध्ये नाचणार आहे. हस, हस! यतीनला सांगितलं तेव्हा बिचाऱ्याने मीटिंग कॅन्सल केली आणि माझ्यासमोर येऊन बसला. आई कन्व्हर्ट-बिन्व्हर्ट होतेय का, अशी त्याला धास्ती. रुही मात्र 'गो आजी' म्हणत माझ्याबरोबर स्वयंपाकघरातच नाचायला लागली. गजानन महाराजांचा फोटो माझ्या उशाशी होता तिथेच आहे. नागपुरात उगाच वावड्या उठवू नकोस.

हे चर्च नायजेरियन लोकांचं. टायरच्या दुकानाशेजारचा हॉल, घडीच्या खुर्च्या, पण बायकांचे कपडे बघशील तर आपले लग्नातले शालू फिके पडतील. मला तिथे नेलं फोलाकेनं. ही हॉस्पिटलात काम करते. कुठल्या खोलीत, ते पुढे सांगते, घाई करू नकोस. गाडीत ती इथली जुनी, 'सोल' म्हणतात ती गाणी लावते, तिच्या वडिलांच्या आवडीची. गाणारा इतका जीव तोडून गातो की आधी मला वाटलं याचं कोणी गेलं की काय. फोलाके म्हणाली, नाही हो मावशी, तो आनंदात आहे. मावशी म्हणायला मीच शिकवलंय तिला.

पहिल्याच दिवशी माझी फजिती झाली. आपण जन्मभर टाळी दिली ती समेवर. हे लोक पहिली मात्रा सोडून देतात आणि दुसरीवर टाळी देतात, मग चौथीवर. सगळा हॉल थांबलेला आणि मी एकटी फाडकन! पुढच्या रांगा वळून बघायला लागल्या, आणि मला वाटतंय, एवढी माणसं आणि एकालाही ताल कळू नये? शेवटी फोलाकेनं माझी मनगटं धरली आणि मला थांबवून थांबवून टाळी द्यायला लावली. आता तर देवापुढे आरती म्हणतानाही माझा हात उशिराच पडतो. यतीन वैतागतो.

त्यांची आभार मानायची एक रीत आहे. ज्याचं काही निभावलं, तो उठून सांगतो आणि नाचत नाचत पुढे जातो. कोणाला नोकरी लागली, कोणाचे इथे राहायचे कागद आले. एक आजोबा तर पुन्हा जिना चढता आला म्हणून नाचले. एकट्याने मात्र जायचं नाही. आपली माणसं मागे हवीत, तीही एकाच कापडाचे कपडे घालून. मालू, तुला माहीत आहे, मी भजनी मंडळात देवासाठी कमी आणि तुझ्या तर्री-पोह्यांसाठी जास्त यायचे. पण त्या आजोबांच्या मागे सगळं घर नाचताना बघून मला भडभडून आलं. कोणापुढे ते माहीत नाही, पण मी हात जोडले.

आता ती खोली. फोलाके रेडिएशनच्या खोलीत असते. बस खाली. माझ्या डाव्या छातीत गाठ होती. ती काढली, मग रेडिएशन दिलं, आणि आता रिपोर्ट स्वच्छ आला आहे. हे शेवटचं पुन्हा एकदा वाच. तुला कळवलं असतं तर तू रडून रडून स्वतःचं बीपी वाढवलं असतंस, म्हणून सर्दीचं निमित्त सांगत राहिले. शिव्या समक्ष दे.

त्या खोलीत थंडी फार. हात वर करून निपचित पडायचं, आणि सगळे बाहेर निघून गेले की आपण एकटे. ऐकायला काय लावू, असं विचारतात. मी तुझं लावायला सांगितलं, तू रोज सकाळी मंडळाच्या ग्रुपवर पाठवायचीस ते भजन. मशीन फिरायचं आणि तू गात असायचीस. मी तेवढंच धरून पडून राहायचे. एकदा फोलाके आत आली ती टाळ्या देतच, त्यांच्या उलट्या तालात. आणि अगं, तुझं भजन उठून उभंच राहिलं! तिथूनच आमचं जमलं.

त्याच दिवसांत ग्रुपवर कोणीतरी लिहिलं ना, की ताई, रोज नका पाठवू, फोन भरतो? खाली सगळ्यांनी हसरी तोंडं टाकली आणि तू पाठवणंच बंद केलंस. दीपा सांगत होती, तू पेटी माळ्यावर टाकलीस, कोणी ऐकत नाही म्हणालीस. फार राग आला मला. मी जुनीच लावून ऐकत होते, मालू. रोज.

आता पत्र कशासाठी, ते सांगते. माझ्या रविवारी चर्चचा कॉयर, म्हणजे त्यांची गाणारी मंडळी, तुझं भजन गाणार आहे. हे लोक कागद बघून शिकत नाहीत, ऐकून ऐकून बसवतात. फोलाकेनं त्यांना तुझं रेकॉर्डिंग दिलं. दुसऱ्या ओळीनंतर तुझा कुकर वाजतो आणि तू प्रल्हादभावजींवर ओरडतेस, गॅस बंद करा म्हणून, आठवतं? त्यांना वाटलं, गाण्यातच तशी जागा आहे. तिथे अख्खा कॉयर थांबतो, ऑर्गनवाले आजोबा एक उंच सूर लांबवतात आणि मग सगळे एकदम तुझ्या तिसऱ्या ओळीवर येतात. माझी हसून पुरेवाट झाली. खरं काय ते सांगितलं तर म्हणाले, असू दे, आम्हाला तीच जागा सगळ्यात आवडते. निळं कापड घेतलंय, तुझ्या ब्लाउजची मापं पाठव. मला उठून सांगायचंय की माझं कशामुळे निभावलं, आणि ती बाई माझ्या मागे उभी हवी. पेटी खाली काढ, गळा मोकळा कर आणि ये. त्या जागी तूच ओरड.

तुझ्या आवाजावर तगलेली,
तुझीच
शैलजा