शेवटच्या पानाचा ताळा

बाबा, आईने व्हिटबीचं घर सोडायचं ठरवलंय. गुडघे आता जिना चढू देत नाहीत, म्हणून नॉर्थ यॉर्कला आमच्याच बिल्डिंगमध्ये तिच्यासाठी एक छोटा काँडो बघितलाय. लिफ्ट आहे, खाली ग्रोसरी आहे आणि दारातला बर्फ शोव्हल करायला लागत नाही, हे ती फोनवर येईल त्याला सांगते. मागच्या महिन्यात आम्ही बेसमेंट रिकामं केलं आणि तुमच्या वह्या बाहेर काढल्या. सापडल्या असं म्हणणार नाही, कारण हरवल्या कधीच नव्हत्या. तुम्ही गेल्यापासून एकोणीस वर्षं आईने तिथे डिह्युमिडिफायर चालू ठेवलाय, निव्वळ त्यांच्यासाठी. "माझं लोणचं नासलं तर नासू दे, ह्यांच्या वह्यांना ओल लागता कामा नये," असं ती तुमच्या देखत वैतागून म्हणायची. तुमच्या मागे तिने तेच केलं, फक्त बोलणं थांबवलं. वह्या मी घेऊन आले. शेवटची वही मात्र मी उघडली नाही. का, ते सांगायलाच हे लिहितेय, पण मला माहीत आहे मी किती वळसे घेणार ते, तेव्हा जरा धीर धरा.

तुम्ही ठाण्याच्या क्लबचे स्कोअरर होतात. बॅट आपल्याला कधी धड धरता आली नाही, हे तुम्हीच हसत सांगायचात. पण सतरंजीवर बसून, मांडीवर स्कोअरबुक घेऊन, दिवसभराच्या मॅचमध्ये एक बॉल चुकवला नाही, हेही सांगायचात. देश सोडून इथे आलात तेव्हा क्रिकेट कुठे दिसेना. गाड्यांच्या पार्ट्‌सच्या कारखान्यात इन्स्पेक्शनला लागलात, आणि तिथल्या लंचरूममध्ये उन्हाळाभर रेडिओवर बेसबॉल चालायचा. महिन्याभरात तुम्ही वही घेतलीत, आखलीत आणि आपल्या शहराची टीम लिहायला बसलात. टीव्ही असूनसुद्धा रेडिओच, कारण टीव्हीवाले रिप्ले दाखवत बसतात आणि तोवर पुढचा बॉल होऊन जातो, ही तुमची तक्रार. स्वयंपाकघरातल्या टेबलावर वही, दोन पेन्सिली, खोडरबर आणि पोहे. आई पोळ्या लाटतेय, कुकरची शिट्टी झाली की तुम्ही हात वर करता, म्हणजे सगळ्यांनी गप्प, आणि ती म्हणते, "कुकरला सांगा, मला काय सांगता."

वहीच्या मागच्या पानांवर प्रत्येक खेळाडूची नोंद. एप्रिलच्या थंडीत कुणाची बॅट चालत नाही, डावखुऱ्या पिचरसमोर कोण ढेपाळतो, कोण बारा वर्षं टिकला आणि कोण बारा दिवस. त्या बारा दिवसवाल्यांसाठी तुमचं एक वेगळं पान होतं. कुठल्या तरी लहान गावातून बोलावलेले, एकदा-दोनदा बॅट घेऊन उभे राहिलेले, आणि मग परत पाठवलेले. टीमच्या इतिहासात ज्यांची एक ओळ. मी एकदा म्हटलं होतं, बाबा, हे सगळं त्यांच्याकडे कॉम्प्युटरमध्ये असतं, तुम्ही कशाला हात दुखवता. तुम्ही मान वर न करता म्हणालात, "त्यांच्याकडे असेल गं. आपल्याकडे नको?" मला तेव्हा ते फार खुळ्यासारखं वाटलं. आता मी त्या पानावरची नावं वाचते आणि त्यातल्या एकाचाही चेहरा मला आठवत नाही, पण तुम्ही त्यांच्यासाठी पेन्सिलीला टोक काढत होतात हे आठवतं.

आणि मॅच संपली की ताळा. जो जो माणूस बॅट घेऊन आला त्याचं तीनपैकी एकच काहीतरी होतं: तो रन पुरा करून परत येतो, नाहीतर बाद होतो, नाहीतर डाव संपतो तेव्हा कुठल्या तरी बेसवर तसाच उभा असतो. या तिन्हींची बेरीज आणि आलेल्या माणसांचा आकडा जुळला, की उजव्या कोपऱ्यात बारीकशी बरोबरची खूण. जुळला नाही तर जेवण नाही. "एक माणूस कुठे गेला?" म्हणत तुम्ही पान चाळायचात, मला शाळेतून यायला उशीर झाला की आई रस्त्याकडे बघायची तसे. जे बेसवर उभे राहिले त्यांना इथे काही किंमत नाही. रन नाही तर माणूस वाया गेला, असं धरतात. तुमच्या हाताला मात्र क्रिकेटची सवय. जो बाद झाला नाही तो नाबाद. तुम्ही त्याच्या चौकोनात मराठीत, टपोऱ्या अक्षरात, तेच लिहायचात.

आता ते चौदाव्या वर्षाचं. मी शाळेच्या सॉफ्टबॉल टीममध्ये होते आणि तुम्ही आपणहून, शनिवारचा ओव्हरटाइम सोडून, आमचे स्कोअरर झालात. घडीची खुर्ची, टोपी, डब्यात शंकरपाळे, तेही सगळ्या मुलींना पुरतील एवढे. त्या दिवशी मी शेवटच्या टप्प्यावर, थर्ड बेसवर होते. एक धाव हवी होती. मागची मुलगी बाद झाली आणि आम्ही हरलो, मी तिथेच उभी. रडू येत होतं आणि ते कुणाला दिसू नये म्हणून चिडलेली होते. कोच आकडे बघायला तुमच्याजवळ आल्या आणि माझ्या नावापुढे बोट ठेवून विचारलं, हे काय लिहिलंय. तुम्ही खुशीत, मान ताठ करून म्हणालात, "नॉट आउट. शी वॉज नॉट आउट." दोघी-तिघी मुली हसल्या. वाईट हसल्या नव्हत्या, हे आता कळतं. मी सगळ्यांसमोर इंग्लिशमध्ये म्हणाले, "डॅड, देअर इज नो नॉट आउट इन धिस गेम. यू डोन्ट इव्हन नो द गेम. जस्ट गो होम." तुम्ही माझ्याकडे बघितलंत आणि हळू आवाजात मराठीत म्हणालात, "अगं, पण तू बाद नाही ना झालीस?" मी पाठ फिरवली. तुम्ही खुर्ची मिटलीत, डबा मात्र बाकावर ठेवून गेलात. शंकरपाळे संपले, तो डबा मी तिथेच सोडून आले. आईने नंतर दोनदा विचारलं डब्याचं, आणि तुम्ही म्हणालात की तुमच्याकडूनच हरवला.

पुढच्या शनिवारी तुम्ही ओव्हरटाइमला गेलात. मी वह्या आता ओळीने लावल्या तेव्हा बघितलं: त्या शनिवारनंतर एकाही पानावर नाबाद नाही. तिथे इंग्लिशमध्ये एल-ओ-बी, 'लेफ्ट ऑन बेस', अशी तीन अक्षरं आहेत, इथल्या पद्धतीची, कारखान्यातल्या फॉर्मवर काढावीत तशी सरळ. मी माफी मागितली नाही. मागणार होते, पण आपल्या घरात माफी मागायची पद्धत कुणाला येत होती? आपण कप विसळून ठेवतो, गाडीची काच पुसतो, आणि समोरच्याने समजून घ्यायचं.

मग हॉस्पिटल. रविवार, दुपारची मॅच. सकाळीच डॉक्टरीण बाईंनी मला आणि आईला बाहेर बोलावून सांगितलं होतं की आता फक्त दुखू न देणं एवढंच आपल्या हातात आहे. आई घरी गेली, माझ्या दोन वर्षांच्या मुलीला सांभाळायला आणि मला वाटतं रडायला. तुमच्या हाताला सलाइन, म्हणून वही माझ्या मांडीवर. छोटा रेडिओ, एक इयरफोन तुमच्या कानात, एक माझ्या. तुम्ही सांगायचात, मी लिहायची. आठव्या डावात तुम्हाला झोप लागली. नववा मी एकटीने ऐकला. आपण एका रनने मागे, दोन जण बाद, दोन जण बेसवर, आणि शेवटच्या माणसाने बॉल उंच मारला आणि झेल दिला. संपलं. मी त्याच्या चौकोनात बादचा गोल काढला. तेवढ्यात तुम्ही डोळे उघडलेत आणि विचारलंत, "काय झालं गं?"

मी म्हटलं, "जिंकलो, बाबा."

का म्हटलं ते विचारू नका. सकाळपासून माझ्या तोंडात एकच वाईट बातमी होती, आणि दुसरी, कितीही बारीक असली तरी, मला उच्चारता येईना. तुम्ही हसलात. मग म्हणालात, आण वही. मी म्हटलं, जरा नीट करून देते, आणि पाठमोरी होऊन तो गोल खोडला, बेसवरच्या दोघांचे चौकोन रन म्हणून भरले, बेरीज बदलली. तुम्हाला वही दिली आणि कॉफी आणायचं निमित्त करून खाली गेले. परत आले तेव्हा वही मिटून पांघरुणावर होती आणि पेन्सिल वर. "जमला," एवढंच म्हणालात. माझा जीव भांड्यात पडला. दुसऱ्या दिवशीचा पेपर मी आणलाच नाही. तुम्ही तो रोज आपल्या पानाशी ताडून बघायचात. विचारलंत तर सांगायला सबब तयार होती. तुम्ही विचारलं नाहीत. बुधवारी तुम्ही गेलात.

माझी मुलगी सस्काटूनला स्टॅटिस्टिक्स शिकते. तुमच्यावर गेलीय, असं आई म्हणते. उन्हाळ्यात घरी आलीय, तर तिने तुमच्या सगळ्या वह्या लॅपटॉपवर चढवायला घेतल्या, आणि हल्ली टीमच्या अधिकृत नोंदी कुणालाही बघायला मिळतात, त्यांच्याशी एकेक मॅच ताडून बघितली. परवा ती शेवटची वही आणि लॅपटॉप घेऊन आजीकडे पॅकिंगला गेली होती, तिथून तिचा फोन आला. "मॉम, ही इज अमेझिंग. इतक्या वर्षांत वन मिस्टेक. जस्ट वन. द लास्ट गेम. आपण हरलो होतो अँड ही हॅज अस विनिंग." मग म्हणाली, "पुअर आजोबा. इट मस्ट हॅव बीन द मॉर्फिन." ती ओळ तिने लाल केलीय. आणि म्हणाली, शेवटच्या चौकोनात काहीतरी मराठीत लिहिलंय, इतकं वेडंवाकडं की मला लागत नाही, फोटो पाठवते.

मी तो फोटो ग्रोसरीच्या रांगेत उघडला, बाबा. त्या चौकोनात, मी खोडून मोकळ्या सोडलेल्या, तुमच्या थरथरत्या हाताने लिहिलेलं होतं: नाबाद. आणि उजव्या कोपऱ्यात बरोबरची खूण.

घरी येऊन मी कागद घेऊन बेरीज केली. मी घाईत त्या शेवटच्या माणसाचं काय झालं तेच लिहायला विसरले होते. दोघे जण रन काढून आले, मग ज्याच्या फटक्यावर ते आले तो कुठे आहे? फर्स्ट बेसवर उभा असायला हवा. माझ्या खोट्यात एक माणूस कमी पडत होता. तुम्ही नेहमीसारखा तो शोधलात आणि जागेवर उभा केलात, आणि ताळा जमला. आधी मी स्वतःला समजावलं की तुम्हाला काही कळलं नसेल, एक रिकामा चौकोन दिसला आणि भरलात. पण मला ठाऊक आहे तुम्ही कोण होतात ते. नुसता अंगठा फिरवून लोखंडातला ओरखडा सांगणारा माणूस. त्या चौकोनात कागद खोडून इतका पातळ झालाय की फोटोतसुद्धा दिसतो. आणि तुम्ही पेपर मागितला नाहीत. आयुष्यभरात तुम्ही एकदाच, समजून उमजून, बाद झालेल्या माणसाला नाबाद लिहिलंत, तेही मी तुम्हाला सोडायला लावलेल्या शब्दात. माझं खोटं उघडं पडू नये म्हणून. मी स्वयंपाकघरात ओट्याला धरून उभी राहिले आणि एकोणीस वर्षांपूर्वी रडायला हवं होतं तेवढी रडले.

या खेळाचं तुम्हाला सगळ्यात काय आवडायचं ते आठवतं? चूक कुणाची ते इथे नावानिशी लिहितात. क्रिकेटमध्ये झेल सुटला की बॅट्समनचं नशीब म्हणतात, इथे सोडणाऱ्याच्या खात्यात जन्मभर राहतं. "हे बरं," तुम्ही म्हणायचात, "उगाच दुसऱ्याच्या माथी नको."

तर ती एक चूक आत्ता तुमच्या नावावर आहे. लाल ओळ, आणि शेजारी तुमच्या नातीने कंसात औषधाचं नाव लिहिलंय. खरं सांगायचं तर मला तिला चौदाव्या वर्षापासून सांगावं लागेल, डब्यासकट, आणि ती मला नेहमी म्हणते, मॉम, यू आर द ऑनेस्ट वन. फोनवर तिने विचारलं होतं, काय लिहिलंय ते. मी म्हटलं, नीट दिसत नाही, बघून सांगते. आज ती चार वाजता आजीकडून परत येणार आहे. चहाचं आधण ठेवलंय. ती विचारेल, आणि मला भीती आहे, बाबा, की मी पुन्हा म्हणेन, अक्षर लागत नाही.