प्रतीतल्या तारखा

बाबा,

तुम्ही नाटकाच्या दौऱ्यावर आहात आणि या वेळी मी घरीच थांबले, म्हणून आईला आज मी एकटीनेच डॉक्टरांकडे नेलं. "विसरायला कधीपासून लागल्या?" त्यांनी विचारलं. घरात कुणीच नोंद ठेवलेली नाही. पण तुमच्या नाटकाचं साउंड मी सांभाळते, आणि प्रत्येक नवा विनोद तुम्ही कधी घातलात ती तारीख माझ्या संहितेच्या प्रतीत असते. मी ती प्रत त्यांच्यापुढे ठेवली.

बायको चहात मीठ घालते, हे दोन वर्षांपूर्वी मार्चमध्ये आलं. स्वतःच्याच घराची बेल वाजवून "मालकीणबाई आहेत का?" विचारते, ते गेल्या ऑगस्टमध्ये. ती बेल मीच वाजवते. नवऱ्याला "आपण कोण?" विचारते, ते या जानेवारीत. त्यावरचा हशा अकरा सेकंद टिकतो.

आईबद्दल मी तेव्हाच बोलले होते. तुम्ही म्हणालात, "अगं, ती पहिल्यापासूनच वेंधळी. लोक हसतायत ना?"

डॉक्टर हसले नाहीत. "दोन वर्षं उशीर झालाय," एवढंच म्हणाले. आई मात्र प्रत वाचून खुदखुदत होती. "छान लिहिलंय गं. कुणी लिहिलंय?"

हे पत्र मी पाठवणार नाही. पाठवलं, तर तिचं हे वाक्यही शनिवारच्या प्रयोगात येईल.

तुमची मुलगी