हद्दीपाशी थांबलेला रस्ता

सर, परवा मी त्या रस्त्यावर जाऊन आले. कोणता रस्ता, असं तुम्ही विचाराल आणि मग चष्मा कपाळावर चढवून हसाल, कारण तुम्हाला तो पक्का आठवत असणार. दुष्काळाच्या वर्षी मी भर वर्गात एक प्रश्न विचारला होता आणि पुढे तुम्ही तो तसाच उलटा माझ्या गळ्यात घातला होता. आता मी स्वतः नोकरीतून निवृत्त होऊन लातूरला बसले आहे, गुडघे कुरकुरतात, आणि तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की नांदेडच्या तुमच्या कॉलेजात तुमचा फोटो कोणत्या खोलीत लावलाय, ते शिपायालाही शोधावं लागलं. माणसं म्हातारी झाली, प्रश्न मात्र तसाच टवटवीत राहिला. म्हणून हे लिहायला घेतलं. कोणत्या पत्त्यावर टाकायचं, हे मला विचारू नका.

आधी त्या इंग्रजापासून सुरुवात करते, कारण सगळा घोळ त्याच्यामुळे झाला. त्याच्या लिखाणाचे ते दोन जाडजूड खंड तुम्ही हैदराबादच्या फुटपाथवरून उचलून आणले होते. अर्थशास्त्र हे नावसुद्धा धड रुळलं नव्हतं, त्या काळातला माणूस. कापडवाल्याच्या घरात जन्मलेला, पुढे डॉक्टर झालेला, आणि मग आपल्या लोकांनी जिंकून घेतलेल्या एका देशाची जमीन मोजून देणारा. आपण बोलू ते आकड्यात, वजनात आणि मापात, बाकीचं बोलणारच नाही, असा त्याचा बाणा. गंमत अशी, की त्या खंडांची पानं कापलेलीच नव्हती. छापखान्यातून आली तशी कडेला जोडलेली. म्हणजे कोण्या नवाबानं की वकिलानं ती जन्मभर कपाटात मिरवली आणि वाचली नाहीत. तुमच्या घरात उजेडाची एकच खिडकी, ती स्वयंपाकघरात. काकू कांदा चिरत बसायच्या आणि तुम्ही त्यांची सुरी मागून घ्यायचात, पान कापायचात, सुरी परत द्यायचात, वाचायचात, पुन्हा सुरी मागायचात. कालवण त्या दिवशी हमखास उशिरा व्हायचं. आजही पहिला खंड उघडला की मला कांद्याचा वास येतो. सून म्हणते भास आहे, पण तिला काय माहीत.

मी नांदेडला मामांकडे राहून शिकत होते, तुमचं घर दोन गल्ल्या पलीकडे, त्यामुळे त्या स्वयंपाकघरात माझी ये-जा असायची. एकदा तुम्ही काकूंना समजावून सांगत होता, की हा माणूस म्हणतो, कष्ट हा संपत्तीचा बाप आणि जमीन तिची आई. काकूंनी विळीवरून मान वर केली. म्हणाल्या, "मंग आई कामाला जात न्हाई का?" तुम्ही पुस्तक मिटलंत. वर्गात शुद्ध पुस्तकी बोलणारे तुम्ही, घरात मात्र हदगावकडच्या तुमच्या गावचे होऊन जायचात. "ह्याला घरात कुनी इचारलं न्हाई," तुम्ही म्हणालात, "म्हनून तर एवढं लिहून राहिला." काकू हसल्या आणि तुमच्या हातातली सुरी काढून घेतली.

तुमचा आवडता शब्दप्रयोग होता, 'कोणी सांगितलं?' माझ्या सहामाहीच्या उत्तरपत्रिकेत मी मोठ्या झोकात लिहिलं होतं, की दुष्काळी कामांमुळे ग्रामीण जनतेला मोठा दिलासा मिळाला. समासात तुमची लाल अक्षरं: कोणी सांगितलं? मी तणतणत तुमच्याकडे आले, की सर, वर्तमानपत्रात आलंय. तुम्ही म्हणालात, वर्तमानपत्र खडी फोडायला गेलं होतं का. मला त्या दिवशी फार राग आला होता. कारण खडी फोडायला माझी आई जात होती आणि ते मी तुम्हाला सांगितलं नव्हतं.

आमचं घर शेतकऱ्याचं. विहिरीचा तळ दिसेपर्यंत आईनं गावाबाहेर कुणाच्या कामावर पाऊल ठेवलं नव्हतं. त्या वर्षी आमच्या गल्लीतल्या सगळ्याच बायका तोंडावरून पदर ओढून खडीवर निघाल्या. सगळ्यांनी एकमेकींपासून तोंड लपवलं आणि चालण्यावरून सगळ्यांनी एकमेकींना ओळखलं. वर्गात बाकं रिकामी पडली होती, निम्मी मुलं गावी कामावर. जी उरली होती त्यांना तुम्ही त्या इंग्रजाचा एक विचार सांगितला. रिकाम्या माणसांना रिकामं ठेवू नये, काही ना काही काम द्यावं. अगदी कामच नसेल तर दगड एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी न्यावेत आणि एखादा बिनकामाचा डोंगर रचावा, निदान माणसं शिस्तीत तरी राहतील. पोरं हसली. मी उभी राहिले आणि विचारलं, "सर, आमच्या गावचा रस्ता बी तसलाच हाय का?" तोंडातून गावचीच बोली गेली. तुम्ही हातातला खडू खाली ठेवलात. मग म्हणालात, "मला माहीत नाही. बघायला पाहिजे."

आणि तुम्ही खरंच आलात. रविवारी, एसटीनं, फाट्यावर उतरून, फुफाट्यातून चालत. आमचं गाव तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्याच्या पार टोकाला, अहमदपूर तालुक्यात. रस्ता निघाला होता गावातून ओढ्याकडे. ओढ्यापाशी जिल्ह्याची हद्द संपायची आणि पलीकडे नांदेड जिल्ह्यात माझं आजोळ. कामावर सगळ्यांना मिळून एकच माठ होता. आईच्या शेजारच्या ढिगावर बौद्धवाड्यातली एक मावशी बसायची. दुष्काळाआधी त्या दोघी कधी एका जागी बसल्या नव्हत्या. आईनं त्याच माठातलं पाणी तुम्हाला दिलं. तुम्ही तांब्या दोन्ही हातांनी घेतलात. मी तुमच्याकडे बघत होते आणि तुम्ही माठाकडे.

ढीग चौकोनी रचलेले, त्यांच्यावर पांढरे शिंतोडे. हे काय, तुम्ही विचारलंत. मोजून झालेल्या ढिगावर मुकादम चुन्याचं पाणी मारतो, आई म्हणाली, म्हणजे तोच ढीग पुन्हा मोजायला कुणी दाखवू नये. तुम्ही इतके खूष झालात की जणू तो इंग्रजच समोर भेटला. मग तुम्ही विचारलं, "आक्का, हा रस्ता जातो कुठं?"

आई म्हणाली, "कुठं म्हंजी? पुढं."

"पुढं कुठं?"

"ते सायबाला ठावं. माह्या माहेरापस्तोर गेला तरी लई झालं." तिनं हातोडी उचलली आणि तुमच्यासमोर बसून राहणं बरं दिसत नाही म्हणून की काय, दगड फोडायला लागली. जाताना कामावर मिळणाऱ्या सुकडीचा तिच्या वाट्याचा पुडा तुमच्या पिशवीत टाकला. तो गोड भुगा काकूंनी दुधात शिजवला होता, आठवतं का?

पुढच्या वर्षी पाऊस झाला. रस्त्याचं काम जिथे होतं तिथे, म्हणजे हद्दीपाशी थांबलं. पलीकडच्या जिल्ह्यानं आपला भाग केलाच नाही. उरलेले चुन्याचे ढीग कडेला तसेच पडून राहिले. मी नांदेडहून आजोळी जायची, आई गावाकडून चालत यायची, आम्ही तिथे भेटायचो. एवढं मला लख्ख आठवतं, की ती येई तेव्हा तिच्या लुगड्याला पोटापाशी पांढरा डाग असायचा. आजी ओरडायची, "पिठाच्या हातानं आलीस का गं?" आई "हाव" म्हणायची आणि पाय धुवायला जायची. मलाही ते पीठच वाटलं. इतकी शिकलेली मी, 'कोणी सांगितलं' हे तुमच्याकडून शिकलेली, आणि स्वतःच्या आईला मात्र कधी विचारलं नाही.

मग लातूर जिल्हा झाला. गुलाल उधळला, बँड वाजला, आमच्या गावात तर म्हाताऱ्यांनीही फेटे बांधले. जिल्हा जवळ आला, जिल्हा जवळ आला, असं जो तो म्हणत होता. आई म्हणाली, "जिल्हा जवळ आला, माहेर हाय तितंच." सगळे नवे रस्ते लातूरकडे तोंड करून निघाले आणि आमच्या दुष्काळी रस्त्याकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. त्याच सुमारास मला लातूरच्या कॉलेजात नोकरी लागली. पेढे घेऊन तुमच्याकडे आले, तर तुम्ही पहिला खंड माझ्या हातात ठेवलात. मी दुसऱ्या खंडाकडे बघितलं. "तो नाही," तुम्ही म्हणालात. "तुझा प्रश्न अजून बाकी आहे. तो रस्ता कुणाच्या कामाला आला का, बघून ये. ऐकून नको, मोजून ये. मग हा घेऊन जा." काकू म्हणाल्या, अहो, द्या की पोरीला. तुम्ही दिला नाहीत. गुरू असावा तर असा हट्टी.

मी प्रयत्न केला नाही असं नाही. नव्या जिल्ह्याच्या कचेरीत गेले, ते म्हणाले कागद जुन्या जिल्ह्याकडे. तिकडे गेले, ते म्हणाले सगळं नव्यांना दिलं. नांदेडात विचारलं तर एका सज्जनानं नकाशा पसरला आणि बोट हद्दीपर्यंत नेऊन उचललं. "इथून पुढं तुमचं," तो म्हणाला. मामेभाऊ नांदेडला स्थायिक झाले, आजोळचं घर बंद झालं, त्या वाटेनं जायचं कारण उरलं नाही. तुम्ही गेलात. तुमच्या मुलानं फोन करून सांगितलं, की बाबांचा दुसरा खंड तुमच्या नावानं ठेवलाय, घेऊन जा. मी म्हटलं, येते कधीतरी. उत्तर नसताना कोणत्या तोंडानं न्यायचा? मग आईही गेली.

गेल्या महिन्यात गावी एका लग्नाला गेले तेव्हा खडीवर आईच्या शेजारी बसणारी ती मावशी भेटली. आता पार वाकली आहे, पण जीभ शाबूत. तिच्या ओसरीवर बसून मी सहज विचारलं, की मावशी, त्या चुन्याच्या ढिगांचं पुढे काय झालं. 

"तुला तुझ्या मायनं सांगितलं न्हाई?"

"काय?"

"अगं, रस्ता तितं ऱ्हायला आन् फुडं वढ्याचा समदा गाळ. म्हसरं फसायची. तुझी माय म्हनली, दगूड तर आपूनच फोडलेत. माहेराला निघाली की ढिगातले खडे ओटीत घ्यायची, गाळात टाकायची आन् जायची. मंग मी बी टाकू लागले. माझं माहेर काय तिकडं न्हाई, पर बाजाराला जायचे की. मंग समद्याच टाकू लागल्या. मोकळ्या ओटीनं कुनी वढा वलांडतच नव्हतं."

"पण ते सरकारचे दगड, मोजून ठेवलेले."

"मोजलेले व्हते म्हनून तर," मावशी म्हणाली. "एकदा मोजलेलं पुन्ना कोन मोजतंय?"

"मुकादमानं बघितलं नाही?"

"त्याची बायकू बी टाकायची."

सर, मी तिथे ओसरीवर हसले आणि हसता हसता रडायला लागले. मावशीनं पाणी दिलं. ते पीठ नव्हतं, चुना होता. सासरी निघालेल्या लेकीची ओटी तांदळानं भरतात; आमची आई माहेरी जाताना स्वतःची ओटी दगडांनी भरून घेत होती आणि आजीच्या शिव्या खात होती. माझ्यासमोर. मी तिथेच बसून आजीच्या हातचं खात होते.

म्हणून परवा रिक्षा करून गेले. आता लातूरकडून डांबर आलंय, ते हद्दीपाशी, पाटीखाली संपतं. नांदेडकडूनही डांबर आलंय, ते ओढ्याच्या पलीकडे संपतं. मधला तुकडा दोघांचाही नाही, त्यामुळे त्याला कुणी हात लावलेला नाही. आणि तोच तेवढा टिकलाय. दोन्हीकडच्या डांबराला खड्डे पडलेत. मधे बारीक खडीचा घट्ट पट्टा, अगदी दगडी जात्यासारखा बसलेला. एक पोरगा मोटारसायकलवरून बायकोला घेऊन भुर्रकन निघून गेला. रिक्षावाला म्हणाला, "ह्यो लई जुना हाय, सरकारी हाय." मी त्याला विचारलं, कोणी सांगितलं? तो गोंधळला बिचारा.

तर हे तुमचं उत्तर. सरकारचा रस्ता त्या इंग्रजाच्या डोंगरासारखाच होता, कुठेच जात नव्हता. जिथे तो थांबला तिथून पुढचा, दगड फोडणाऱ्यांनी स्वतः केला. त्या इंग्रजाला हे सुचलं नसतं. तुम्हाला मात्र सुचलं असतं, अशी मला शंका आहे. दोघींच्या त्या एका माठाकडे तुम्ही ज्या नजरेनं बघत होता, ती मी विसरलेली नाही.

तुम्हाला मी जन्मभर सांगत आले, की मला नुसतं कुतूहल आहे. ते काही खरं नव्हतं, सर. आईनं फोडलेला दगड कशाच्या तरी खाली असावा, कुणीतरी त्याच्यावरून चालत असावं, एवढंच मला हवं होतं. मोजून ये, असं तुम्ही बजावलं होतं, म्हणून मुद्दाम लांब टेप विकत घेतली होती. ती पिशवीतून निघालीच नाही. मी चपला हातात घेतल्या, पलीकडे गेले, आजोळच्या बाजूला जरा वेळ उभी राहिले आणि परत आले. तो तुकडा किती लांब आहे ते मला सांगता येणार नाही. तेव्हा दुसरा खंड राहू द्या तुमच्याकडेच.