चांदरीचं लोढणं

डोळखांबच्या वरचा पाडा,
८ ऑक्टोबर २०२३

चि. भगीरथास गोदीताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

आमी सगळी बरी आहोत. चांदरीनं मात्र माझा जीव खाल्लाय. तिसऱ्यांदा शेजारच्या बुधूच्या नाचणीत घुसली. बुधूनं पाडा गोळा करून ठरवून टाकलं, की आणखी एकदा घुसली तर गाय मुरबाडकडे म्हशाच्या जत्रेत विकायची. आयनं जाताना माझ्या हातात दिलेलं दावं ते, कशी विकू रे?

पळू नये म्हणून लाकडाची दोन लोढणी गळ्यात बांधली, तर बयेनं दगडावर आपटून फोडली. परवा माळावर कंद खणताना लोखंडाचं एक गावलं. मुठीएवढं, पण जड. वरून सीताफळासारखे चौकोन, नि दोरी ओवायला आयती कडी! देवानंच पाठवलं म्हण. आता पळाली की गुडघ्यावर टणाटण बसतं, बया गोगलगाय झालीय.

तू पलटणीत मास्तर झालास हे मी बाजारात सगळ्यांना सांगते. फोन कुठंच लागत नाय, तेव्हा पत्र टाकत जा. माया आहेच, ती पातळ होऊ देऊ नको.

तुझी ताई,
गोदी

सरावतळ (ठिकाण लिहायची परवानगी नाही),
१७ ऑक्टोबर २०२३

ती. गोदीताईस भगीरथाचा शि. सा. न. वि. वि.

ताई, कडीला हात लावू नकोस. एवढं आधी वाच, बाकीचं पाड्याबाहेर जाऊन वाच.

ते लोढणं नाय, हातगोळा आहे, ग्रेनेड. नाव फ्रेंच लोकांनी डाळिंबावरून ठेवलं. त्याच्याही आधी चिनी लोक मडक्यात बंदुकीची दारू भरून फेकायचे. पुढं फेकायला मुद्दाम उंच, ताकदवान शिपाई निवडू लागले. आजही खंदकात, भिंतीआड दडलेल्या शत्रूपर्यंत गोळी पोचत नाही तिथं हाच टाकतात. कडी ओढून फेकला की खटका उडतो, आतली वात पेटते, चारेक सेकंदांत लोखंडाचे तुकडे चौफेर. ती कडी म्हणजे हीच, जिच्यात तू गायीचं दावं ओवलंस! गंजला म्हणून मेला असं समजू नकोस. इंग्रजांच्या वेळी आपल्या रानात पलटणी सरावाला यायच्या असं आजा म्हणायचा, तेव्हाचा असणार.

माझ्या साहेबांनी तिकडच्या पोलीस चौकीत फोन लावला. गायीच्या गळ्यात बॉम्ब ऐकून समोरच्यानं चेष्टा समजून फोन ठेवला. म्हणून हे पत्र पोलिसांना नेऊन दाखव. माणसं लांब ने. चांदरी गेली तर जाऊ दे, तू जवळ जाऊ नकोस.

आणि ताई, मी मास्तर आहे तो याचाच. रोज नव्या पोरांना गोळा फेकायला शिकवतो. तू घाबरशील म्हणून लिहिलं नव्हतं. रागावलीस तरी लोभ कमी करू नकोस.

तुझा,
भगीरथ

पाडा,
२९ ऑक्टोबर २०२३

चि. भगीरथास आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र आलं तेव्हा मी चांदरीची धार काढत होते, नि ते तुझं डाळिंब माझ्या कानाशी हलत होतं. पाडा रिकामा झाला. बुधू सगळ्यांच्या पुढं, एक चप्पल मागं टाकून.

पत्र पोलिसांना दाखवलं, तसं ठाणे शहरातून बॉम्ब निकामी करणारं पथक आलं. गादीसारखा अंगरखा घातलेला माणूस बघून चांदरीनं शिंगं रोखली. ती मान झटकायला लागली तसा कडीला ताण बसू लागला. मला राहवेना. तू नको म्हणालास ते वाचलं होतं, तरी गेले. गळ्याखाली खाजवत राहिले, नि पथकाचे साहेब लांबून सांगत होते तसं मानेवरचं दावं विळ्यानं कापलं. तुझं डाळिंब दाव्यासकट अलगद पेंढ्यावर ठेवलं आणि गाय घेऊन निघाले. साहेब पळू नका म्हणाले, मी नाय पळाले.

मग त्यांनी ते ओढ्यात नेऊन फोडलं. आवाज सिद्धगडापर्यंत गेला असेल. चांदरी दचकून सुटली ती सरळ बुधूच्या नाचणीत! म्हटलं, गेली आता म्हशाला.

बुधू बांधावर उभा राहून बघत होता. सांजच्याला सागाचं नवं लोढणं तासून घेऊन आला. म्हणाला की हे फुटणार नाय, कुठल्याच तऱ्हेनं, पण गोदे, रानात पुन्हा काय गावलं तर आधी मला दाखव, तेही लांबून. विकायचं नाव काढलं नाय.

भगीरथा, ते काय आहे हे कळल्यावर मी एकदाच हातात धरलं, तर दोन दिवस धार काढायला बसवलं नाय. तू रोज धरतोस. बाजारात मी अजून मास्तरच सांगते. जत्रेला सुट्टी काढून ये. लोभ तर आहेच, पण आलास की आधी तुझी दहा बोटं मोजून घेईन.

तुझी ताई,
गोदी