मी कॉपी करत नाही

२ जून, सोमवार
संकल्प: दवाखान्यातले तिन्ही कॉम्प्युटर साफ करणे. महिनाअखेर डॉक्टर मॅडम रेकॉर्ड विभागाला प्रमुख नेमणार. एक तर मी, नाहीतर रिसेप्शनच्या ताई. ताईंबद्दल मनात काही नाही. (मन तपासून पाहिलं. खरंच नाही.) पण प्रमुखाला दार असलेली केबिन मिळते.
ताई गेल्यावर रिसेप्शनवरचा जुना अपॉइंटमेंटचा प्रोग्रॅम काढून टाकला. कॉम्प्युटरने विचारलं, ही सामाईक फाइल आता दुसरा कुठलाही प्रोग्रॅम वापरत नसावा, तीही काढू का? 'नसावा'पाशी जरा थांबलो. मग वाटलं, एवढ्या नम्रपणे विचारतोय म्हणजे खात्री केलीच असणार. हो म्हटलं.

३ जून
रिसेप्शनवर पेशंटच्या रेकॉर्डचा प्रोग्रॅम उघडेना. फाइल सापडत नाही म्हणतो. बाहेर रांग. ताई म्हणाल्या, काल मी निघाले तेव्हा चांगला चालत होता हो भाऊ, मागून कोणी हात लावला का? 'कोणी' असं मोघम विचारलं. नाव घेऊन विचारलं असतं तर सांगितलं असतं.
इंजिनिअरला फोन. कॉलेजचा मित्र, प्रोग्रॅम त्यानेच बसवलेला. म्हणाला, अरे, ती फाइल म्हणजे सोसायटीची टाकी, नळ वेगवेगळे पण पाणी एकच. औषधांच्या खिडकीवरच्या मशीनवरून कॉपी कर आणि टाक इथे. चहा निवायच्या आत होईल.
कॉपी! विकतच्या सॉफ्टवेअरची! कॉलेजात मी कधी कुणाची वही उतरवली नाही. फाइल कट केली, पेनड्राइव्हवरून नेली, रिसेप्शनवर पेस्ट केली. एक फाइल, एक जागा, स्वच्छ व्यवहार. प्रोग्रॅम सुरू. मॅडम म्हणाल्या, वा!
केबिनला पडदा कुठला लावावा?

४ जून
औषधांच्या खिडकीवरचं मशीन बंद. तीच तक्रार. साथ आहे बहुतेक. मॅडमच्या खोलीतल्या मशीनवरून फाइल आणली. फार्मासिस्ट म्हणाला, देवासारखे धावून आलात.
घरी कटकट. बायको म्हणाली, अहो, भिंतीवरचं घड्याळ पुन्हा बंद, सेल कुठाय? म्हटलं, रिमोटला घातला. म्हणाली, मग घड्याळाला काय घालू, तुमचं डोकं? इथे दवाखाना संकटात, आणि हिला घड्याळ!

५ जून
मॅडमचं मशीन बंद. हा योगायोग नव्हे. मी जिथून फाइल आणतो, नेमकं तेच मशीन बंद पडतं. कोणीतरी माझ्या पावलावर पाऊल टाकून चाललंय.
रिसेप्शनवरून फाइल मॅडमकडे नेली. जेवणाच्या सुट्टीनंतर रिसेप्शन बंद! ताई म्हणाल्या, भाऊ, सारखं माझ्याच मुळावर का येतं हे? काय अभिनय! केबिन कोणाला हवी आहे, ते उघड आहे. इतकी वर्षं एका टेबलावर डबा खाल्ला. आईच्या आजारपणात माझं काम यांनीच सांभाळलं. केसाने गळा कापणारी माणसं जवळचीच असतात.

६ जून
मॅडमना सगळं सांगितलं. आधी स्वतःला विचारलं, ही चहाडी तर नाही? नाही, कर्तव्य. मॅडमनी ताईंना आत बोलावलं. त्या डोळे पुसत बाहेर आल्या. म्हणे, सिद्ध झालं तर नोकरी जाईल. माझ्याकडे पाहिलं, आपला डबा उचलला आणि दुसऱ्या टेबलावर गेल्या. डबा एकट्यानेच खाल्ला, म्हणजे मी.
वाईट वाटलं. दगाबाजांबद्दलही मला वाईट वाटतं, हा दोषच आहे माझा.
सोमवारी इंजिनिअर येणार. मित्र आहे. माझी बाजू घेईल.

९ जून
मित्र कसला, अस्तनीतला निखारा! सगळ्यांसमोर विचारलं, तू फाइल नेलीस म्हणजे नक्की काय केलंस? तत्त्व समजावून सांगितलं. तो खुर्चीतच बसला. म्हणाला, अरे गाढवा, फाइल आहे ती, सायकल नाही, एकाने नेली की दुसरा पायी! लायसन्स तिन्ही मशीनचं आहे. मुळात गेली कशी, हेही त्याला तिथेच दिसलं. तारखेसकट. कॉम्प्युटर सगळं लिहून ठेवतो. म्हणजे तोही फितूर.
ताई हसल्या नाहीत. हसल्या असत्या तर बरं झालं असतं.
घरी सांगितलं. बायकोने एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा घड्याळाकडे. या पाहण्याचा अर्थ लागला नाही.

३० जून
ताई प्रमुख झाल्या. माझा पासवर्ड काढून घेतला. माझी नेमणूक जुन्या, कागदी फायलींच्या खोलीत. खोलीला दार आहे. शिवाय इथे प्रत्येक फाइल खरोखर एकच. माझ्या तत्त्वाला साजेशी जागा मिळाली म्हणायची.
सकाळीच ताईंना एका पेशंटचा जुना रिपोर्ट हवा होता. फाइलमधून काढून दिला. लगेच मॅडमना तोच हवा. म्हटलं, नाही, ताईंनी नेला. मॅडम भडकल्या. पेशंट तपासायच्या टेबलावर झोपलेला. ताई धावत आल्या, रिपोर्ट मॅडमच्या हातात ठेवला. मग माझ्याकडे वळून, इतक्या दिवसांत प्रथमच, हळू आवाजात बोलल्या. म्हणाल्या, भाऊ, झेरॉक्स काढून द्यायची असते.
मशीन माझ्याच खोलीत आहे. या वेळी दगा नेमका कोणी दिला, ते अजून ठरत नाही.