मावशीची खोली

११ ऑक्टोबर २०२४

घरात पाय ठेवायला जागा नाही. उद्या दीक्षाभूमी. पवनीहून इंदूमावशी आली — सुना, नातवंडं, शेजारीण कौसल्यासुद्धा. दरवर्षीसारखी अंथरुणं बैठकीत, गच्चीवर, स्वयंपाकघराच्या दारापर्यंत. मावशी स्वतःची वळकटी घेऊन येते. "तुई गादी नरम आहे वं. मले झोप नाई येत."

पुण्याहून नंदिनीचा फोन. लग्न पेंचच्या रिसॉर्टमध्येच, डिसेंबरात. पियूषकडच्यांच्या खोल्या आपण द्यायच्या. आपल्याकडच्यांनी आपापल्या घ्यायच्या. "आई, सगळे असंच करतात आता. कुणाला काही वाटत नाही."

कुणाला म्हणजे कुणाला?

मी हळू बोलत होते. शेजारीच मावशी कांदा चिरत होती.

१३ ऑक्टोबर

सगळे गेले. निघताना मावशी म्हणाली, "नंदूच्या लग्नात तीन दिस राहीन. नाचीन बी!"

हसले. सांगितलं नाही.

२० ऑक्टोबर

नंदिनीचं ऐकून धम्मानंद चिडला. बापच तो. "सगळ्यायले ठेवाचं तर इथंच हॉल घे ना. रिसॉर्ट काहून?" नंदिनीला विचारलं, तर ती रडायला लागली. तिचंही खोटं नाही. लग्न ती आणि पियूष स्वतःच्या पगारातून करताहेत. आमच्याकडचं धम्मानंदच्या ऑपरेशनला गेलं, धंतोलीच्या हॉस्पिटलात.

दहावी-बारावी मी मावशीकडे राहून केली. दोन खोल्यांचं घर. मला खिडकीजवळची जागा होती, उजेडासाठी.

३ नोव्हेंबर

तोडगा सुचला! मावशीची एक खोली आपण देऊ. बाकीचे आपलं पाहतील.

लगेच मावशीला फोन केला.

"मी पलंगावर, अन् कौसल्या कुठं?"

मग तिनंच सावरलं — "बरं बरं. पाहू."

४ नोव्हेंबर

तोडगा!

१० नोव्हेंबर

नंदिनीनं घरच्या ग्रुपवर पत्रिका टाकली. तळाशी रिसॉर्टचा नंबर. "निवासाची नोंदणी कृपया स्वतः करावी."

कृपया. सगळ्यांनी अंगठ्याचं चिन्ह टाकलं. मावशीच्या सुनेनंही.

अजून महिना आहे. सगळ्यांचं आपण करू, असं लिहिता येईल. दागिना मोडता येईल. दोनदा लिहिलं, दोनदा पुसलं.

१६ डिसेंबर

लग्न काल झालं. देखणं झालं. मावशी सगळ्यांना घेऊन आली, भाड्याच्या गाडीनं. पंचशील म्हणताना तिचा आवाज सगळ्यांच्या वर. जेवली. नंदिनीच्या दोन्ही गालांवरून हात फिरवला. नाचली नाही.

उजेड असतानाच मावशीकडचे निघाले. "जंगलाचा रस्ता आहे वं. डायवर घाई करून राहिला." ड्रायव्हर झाडाखाली झोपला होता.

गाडीच्या टपावर वळकट्या बांधलेल्या होत्या. सगळ्यांच्या. उतरवल्याच नव्हत्या. म्हणजे आणल्या होत्या — कुणी "थांबा" म्हटलं असतं, तर लॉनवरच्या मांडवातही झोपली असती ती सगळी.

मी वळकट्या पाहिल्या. मी पाहिल्या, हे मावशीनं पाहिलं. गाडी गेली.

तिच्यासाठी घेतलेली खोली उघडलीच नाही.

कुणी रागावलं नाही. रागावले असते तर बरं झालं असतं.

१ ऑक्टोबर २०२५

उद्या दीक्षाभूमी. सकाळी गच्ची धुतली. चादरी काढल्या. दुपारी डाळ जास्तीची टाकली.

संध्याकाळी मावशीचा फोन. "पोचलो वं आम्ही. बर्डीवर लॉज घेतला, सगळ्यायनं मिळून. तुले काहून तरास?"

खोली कशी आहे, विचारलं.

"गादी नरम आहे," म्हणाली.