वेतोबाच्या मापाचे फुटबॉलचे बूट

तीर्थस्वरूप सखाराम भावोजी यांना (गुडघ्याला तेल लावून पाय लांब करून बसला असाल, तर उठू नका) कुवेतहून रविकांतचा वाकून नमस्कार. उन्हाने इथलं डांबर मऊ झालं आहे आणि लोकांचे एसी पटापट बंद पडत आहेत, म्हणजे माझं उत्तम चाललं आहे. नर्मदाताईचा खोकला कमी असावा. मोबाईलवर न लिहिता कागदावर लिहितो, कारण मोबाईलवरचं आधी ताई वाचते, मग सगळी वाडी, आणि तुमच्यापर्यंत बातमी येते तेव्हा त्यात मी आजारी तरी असतो नाहीतर दुसरं लग्न करून मोकळा झालेला असतो.

सोबत सुट्टीवर गावी येणाऱ्या शैलेशने एक मोठं खोकं दिलं असेल. त्यात बूट आहेत. होडी नव्हे. (विमानतळावरच्या माणसालाही तीच शंका येणार आहे.) ते कोणाचे, हे सांगायला मला जरा इंग्लंडातून वळसा घालून यावं लागेल.

इथल्या सलवा भागात माझं एक गिऱ्हाईक आहे, कॅलम हॅरॉप. इंग्लिश माणूस, धंदा फुटबॉलचा. संघाच्या पुढे उभं राहून गोल मारायचा, मागे काय गोंधळ चाललाय ते बघायचं नाही, एवढंच त्याचं काम. (आपल्या सोसायटीचे चेअरमन साधारण हेच करतात, फक्त गोल होत नाही.) मी एसीचं पोट उघडून बसलो की हा खुर्ची ओढून आयुष्य सांगायला लागतो. पोरवयात पहिल्या क्लबाने बुटका म्हणून हाकललं. मग खालच्या एका क्लबात एका मोसमात एवढे गोल केले की मोठ्या क्लबाने उचलून नेला आणि दोन वर्षं बाकावर बसवला. तिथे गुडघा गेला. मग तुर्कस्थान, मग सायप्रस, मग कुवेत. मला हे ऐकून हापूसची पेटी आठवली. बागेत असते तेव्हा देवगड, मार्केटात पोचते तेव्हा रत्नागिरी, आणि शेवटी डागी फळं आमरसाला. पण गडी हसरा. त्याचं दुखणं एकच होतं. सगळ्या क्लबांचे मिळून नव्याण्णव गोल झाले होते आणि शंभरावा काही होत नव्हता. नव्याण्णववर बाद झालेल्या माणसाला आपण जन्मभर कसं बघतो, तुम्हाला माहीत आहे.

आता एसीवाल्याला कान असतात हे या देशात कोणाच्या लक्षात येत नाही. त्याच्या क्लबाच्या शर्क भागातल्या ऑफिसात मी छताला लोंबकळत होतो आणि खाली मॅनेजर अरबीत सांगत होता, की शुक्रवारची मॅच हॅरॉपची शेवटची, पुढच्या मोसमाला ब्राझीलचा पोरगा ठरलाय. हॅरॉपला पत्ता नव्हता. मीही सांगितलं नाही. एसीवाल्याने खालचं वर आणि वरचं खाली करू नये, यावरच माझा धंदा उभा आहे. मी फक्त म्हटलं, साहेब, आमच्या गावच्या वेतोबाला नवस बोलू या.

वेतोबा रात्रभर गावाची राखण करत फिरतो, त्याच्या वहाणांचे तळ झिजतात, म्हणून लोक त्याला नवसाला नवा जोड वाहतात, हे ऐकून तो गंभीर झाला. म्हणाला, बिचारा, या वयात. मग विचारलं, नंबर काय? मी दोन्ही हात फाकवून माप दाखवलं. तो म्हणाला, वहाणा नकोत, एवढं चालणाऱ्याला बूटच पाहिजेत.

गुरुवारी संध्याकाळी त्याच्या हॉलमध्ये गाऱ्हाणं घातलं. “बा देवा वेतोबा, ह्यो परमुलखातलो लेक तुझ्या पायाकडे उभो आसा, तेच्या पायातसून एक गोल जावंदे रे म्हाराजा.” माझा जुना कारागीर सर्फराज, राजापूरचा, “व्हय म्हाराजा” असं खणखणीत म्हणाला की शेजारच्या कुवेती बाईंनी खिडकी उघडली. हॅरॉप बूट घालूनच हात जोडून उभा होता. देवच पादत्राणांचा शौकीन, म्हणून मी ते खपवून घेतलं.

शुक्रवारी मॅच संपत आली असताना याने चेंडू मारला, तो समोरच्या संघाच्या एका गड्याच्या ढोपराला लागला आणि जाळीत गेला. मी आणि सर्फराज नाचलो. मग फलकावर नाव लागलं ते ढोपरवाल्याचं. नियम असा, की चेंडू जाळीकडे निघाला असेल तर गोल मारणाऱ्याचा, बाहेर निघाला असेल तर ज्याने आत ढकलला त्याचा. हॅरॉप म्हणतो, जाळीकडेच होता. सर्फराज मला हळूच म्हणाला, “चाचा, तो सीधा समुद्राकडे चालला होता.”

क्लबाने त्याला भिंतीवरचं घड्याळ देऊन निरोप दिला. मी सामान बांधायला गेलो, तर नोकरी गेल्याचं सोडून तो बुटांचंच बोलायला लागला. देवाच्या मापाचे बूट शिवून घेऊन तयार ठेवले होते. म्हणाला, रेफरी माणूस आहे, चुकतो. तुमच्या देवाने जोड घेतला तर गोल माझा. नाही घेतला तर मी नव्याण्णववाला.

तेव्हा तुम्ही देवळाचे मानकरी, जोड वाहण्याची व्यवस्था करावी. लहानांना आशीर्वाद.

आपला मेहुणा,
रविकांत

ता. क. तळाला खिळे आहेत. कमिटीने कुरकूर केल्यास ते पिळून निघतात. काढलेले मात्र ठेवा, पावसात देवाला उपयोगी पडतील.

दुसरा ता. क. नुसते वाहू नका. आधी कौल लावा आणि स्पष्ट विचारा, गोल कोणाचा. उजवा कौल आला तर हॅरॉपचा. देवासमोर ढोपराचा विषय काढायची गरज नाही.

तिसरा ता. क. डावा आला तर कळवू नका, पुन्हा लावा. हॅरॉप काल इंग्लंडला गेला. विमानतळावर त्याने देवाचं काय झालं म्हणून विचारलं आणि मी सांगून बसलो, की सकाळीच गावात कौल लावला, उजवा आला. त्याने तिथेच बायकोला फोन करून शंभर म्हणून सांगितलं. तेव्हा देवाची समजूत घालण्याचं तेवढं तुमच्याकडे लागलं.